कार्ल फ्रॉइंड : मोकळा सुटलेला कॅमेरा आणि दिग्दर्शकाची खुर्ची (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

जर्मन मूकपट दाखवले की खेळ संपल्यावरही मंडळी उठत नाहीत. दारात, जिन्यात, चहाच्या टपरीवर प्रश्न सुरूच राहतात आणि फिरून फिरून ते एकाच माणसापाशी येतात. तो माणूस पडद्यावर दिसत नाही, पोस्टरवर त्याचं नाव बारीक अक्षरांत असतं. मला स्वतःला कॅमेऱ्याच्या कामाची गोडी त्याच्यामुळे लागली, म्हणून ही उत्तरं जरा सविस्तर लिहिली आहेत.

कार्ल फ्रॉइंड कोण होते?

जर्मन मूकपटांचे सर्वांत मोठे छायालेखक असं मी न कचरता म्हणेन. जन्म 16 जानेवारी 1890, बोहेमियातल्या क्योनिगिनहोफ गावी. हे गाव तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होतं, आज ते चेक प्रजासत्ताकात आहे. पोर अकरा वर्षांचं असताना कुटुंब बर्लिनला आलं. मुर्नाऊ, फ्रिट्झ लांग, पाउल वेगेनर, ड्रायर अशा दिग्दर्शकांबरोबर त्यांनी काम केलं. 1929 साली ते अमेरिकेला गेले, तिथे काही वर्षं दिग्दर्शन केलं, मग पुन्हा कॅमेऱ्याकडे वळले. मृत्यू 3 मे 1969, सांता मोनिका इथे.

फ्रॉइड की फ्रॉइंड?

फ्रॉइंड. मनोविश्लेषणवाले सिग्मंड फ्रॉइड वेगळे. जर्मन भाषेत 'फ्रॉइंड' म्हणजे मित्र.

शिक्षण कुठे झालं? तेव्हा फिल्म इन्स्टिट्यूट होत्या का?

नव्हत्या. पंधराव्या वर्षी ते प्रोजेक्टर चालवणाऱ्याच्या हाताखाली उमेदवारीला लागले आणि दोनेक वर्षांत कॅमेऱ्यामागे उभे राहिले. पहिल्या महायुद्धाआधी आस्टा नील्सन या त्या काळच्या मोठ्या तारकेच्या चित्रपटांवर त्यांनी काम केलं. आधी प्रोजेक्टर आणि मग कॅमेरा, हा क्रम मला महत्त्वाचा वाटतो. फिल्म यंत्रात कशी सरकते, कुठे अडकते, पडद्यावर काळा रंग कधी खरोखर काळा दिसतो आणि कधी नुसता करडा, हे त्यांना शूटिंग शिकण्याआधीच कळत होतं. यंत्राची ही ओढ शेवटपर्यंत सुटली नाही. पुढे 1944 साली त्यांनी प्रकाश मोजणारी उपकरणं बनवणारी स्वतःची कंपनी काढली आणि त्या कामासाठी 1955 मध्ये ऑस्कर देणाऱ्या अकादमीचा तांत्रिक पुरस्कारही मिळवला.

'मोकळा सुटलेला कॅमेरा' म्हणजे नेमकं काय?

'एंटफेसेल्टे कामेरा' असा जर्मन शब्द आहे. दावं तोडून सुटलेल्या जनावरासारखा, बेड्या काढलेला कॅमेरा. त्याआधी कॅमेरा हलतच नव्हता असं नाही. ट्रॉलीवरचे शॉट होते, गाडीतून घेतलेली दृश्यंही होती. पण 1924 च्या 'डेर लेट्झटे मान' म्हणजे 'शेवटचा माणूस' या मुर्नाऊंच्या चित्रपटात कॅमेरा पात्राच्या मनाबरोबर हलायला लागला.

गोष्ट अगदी साधी. बर्लिनच्या एका भपकेबाज हॉटेलचा म्हातारा दरवान. सोनेरी गुंड्यांचा गणवेश ही त्याची सगळी अब्रू. बॅगा उचलताना त्याला धाप लागते, हे मॅनेजर पाहतो आणि त्याची रवानगी तळघरातल्या स्वच्छतागृहात करतो. एमिल यानिंग्ज यांनी ही भूमिका केली. कथा कार्ल मायर यांची. संवादाच्या पाट्या जवळजवळ नाहीतच, संपूर्ण चित्रपटात निवेदनाची खरी पाटी एकच. म्हणजे जे सांगायचं ते कॅमेऱ्यानंच सांगायला हवं.

पहिलाच शॉट पाहा. आपण लिफ्टमध्ये आहोत, लिफ्ट खाली येते, दार उघडतं, आणि आपण तसेच पुढे सरकत लॉबी ओलांडून फिरत्या दरवाजापर्यंत जातो. हा शॉट कॅमेरा सायकलवर बसवून घेतला आहे. सायकलीला रूळ लागत नाहीत, आणि लॉबीच्या फरशीवरून ती गुळगुळीत धावते.

दुसरा प्रसंग म्हाताऱ्याच्या दारूच्या नशेचा. फ्रॉइंडनी कॅमेरा स्वतःच्या छातीवर बांधला, तोल सांभाळायला बॅटऱ्या पाठीवर घेतल्या आणि दारू प्यालेल्या माणसासारखे झोकांड्या खात खोलीभर फिरले. फ्रॉइंड अंगापिंडानं चांगलेच भरदार होते. त्या देहावर त्या काळचा वजनदार कॅमेरा बांधून ते फिरत आहेत, हे डोळ्यांसमोर आणून मग तो प्रसंग पुन्हा पाहा. आज कॅमेरा अंगावर पेलण्यासाठी खास पट्टे मिळतात. तेव्हा पट्टा म्हणजे जे हाताशी असेल ते.

तिसरी जागा माझी सर्वांत आवडती. चाळीसारख्या वस्तीच्या अंगणात एकजण तुतारी वाजवतो. मूकपटात आवाज दाखवायचा कसा? कॅमेरा तुतारीच्या तोंडापासून हवेतून मागे मागे वर जातो, सूर जावा तसा. कान नसलेल्या माध्यमात त्यांनी आवाजाला वाट काढून दिली.

या सगळ्याचं श्रेय फ्रॉइंडना द्यायचं, की मुर्नाऊंना?

यात कार्ल मायर यांचं नाव राहून जातं, ते आधी घ्यायला हवं. कॅमेरा फिरता असावा ही मागणी त्यांच्या पटकथेतच होती. मुर्नाऊंनी ती उचलून धरली, आणि सेटवर ती कशी पार पाडायची हे फ्रॉइंडनी शोधलं. माझ्या मते या चित्रपटाचं 'दिग्दर्शन' तिघांमध्ये विभागलेलं आहे. आपल्याकडे दिग्दर्शक म्हणजे डोकं आणि कॅमेरामन म्हणजे हात अशी समजूत रुजली आहे. या चित्रपटासमोर ती टिकत नाही.

झोपाळ्यावर कॅमेरा टांगल्याची गोष्ट खरी का?

खरी आहे. 1925 सालच्या 'व्हारिएटे' या दुपाँ यांच्या चित्रपटात सर्कशीतल्या झोक्यावरचे कसरतपटू आहेत. बर्लिनच्या विंटरगार्टन या रंगमंदिरात कॅमेरा झोक्याबरोबर झुलवला आणि प्रेक्षागृह खाली-वर होताना दाखवलं. अमेरिकेत हा चित्रपट खूप गाजला आणि तिथले कॅमेरामन आपल्या ट्रॉल्यांकडे नव्या नजरेनं बघू लागले.

'मेट्रोपोलिस'मध्ये त्यांचं काम किती?

फ्रिट्झ लांग यांच्या या भविष्यातल्या महानगरीवरच्या मूकपटाचं मुख्य छायालेखन फ्रॉइंड आणि गुंथर रिटाउ या दोघांचं. चित्रीकरण मे 1925 पासून ऑक्टोबर 1926 पर्यंत चाललं, आणि पहिला खेळ 10 जानेवारी 1927 ला बर्लिनमध्ये झाला. त्यातल्या अवाढव्य इमारतींपैकी कित्येक म्हणजे छोट्या प्रतिकृती आहेत. ऑयगेन श्युफ्टान यांनी आरशाची युक्ती काढली होती. कॅमेऱ्यासमोर तिरका आरसा ठेवायचा, त्यात प्रतिकृतीचं प्रतिबिंब पडेल असं करायचं, आणि आरशाच्या पाठचा पारा हवा तेवढा खरवडून काढायचा. खरवडलेल्या काचेतून मागे दूर उभी असलेली खरी माणसं दिसतात. माणसं आणि नगरी एकाच फ्रेममध्ये, एकाच वेळी, फिल्मवर थेट. याच श्युफ्टानना पुढे 'द हसलर'च्या छायालेखनासाठी ऑस्कर मिळालं.

'मेट्रोपोलिस'ची कोणती प्रत पाहावी?

2010 नंतरची. प्रदर्शनानंतर या चित्रपटाची बेदम काटछाट झाली आणि बराच भाग कायमचा गेला असं सगळे धरून चालले होते. 2008 मध्ये ब्वेनोस आइरेसच्या चित्रपट संग्रहालयात 16 मिलिमीटरची जवळजवळ पूर्ण प्रत सापडली. त्यातला सापडलेला भाग ओरखड्यांनी भरलेला आहे, पाहताना चटकन ओळखू येतो. तरीही सुमारे अडीच तासांची तीच प्रत पाहा.

ते फक्त स्टुडिओतले कलाकार होते का?

मुळीच नाही. 1927 चाच 'बर्लिन, महानगराची सिंफनी' पाहा. दिग्दर्शन वाल्टर रुटमान यांचं. फ्रॉइंड निर्मिती, पटकथा आणि छायालेखनावरची देखरेख अशा बाजू सांभाळत होते. पहाटेपासून रात्रीपर्यंतचं एका शहराचं जगणं, नटनट्या कोणी नाहीत. लोकांना कळू न देता चित्रण करायचं तर दिवे लावता येत नाहीत. म्हणून कमी उजेडातही चित्र उमटावं यासाठी फिल्मवर आधी रासायनिक प्रक्रिया करून तिची संवेदनक्षमता वाढवली, आणि कॅमेरे गाड्यांमध्ये लपवले. ज्या माणसानं तीन वर्षांपूर्वी स्टुडिओत अख्खं हॉटेल प्रकाशानं उभं केलं होतं, तोच आता रस्त्यावरच्या मिळेल त्या उजेडावर काम करत होता. त्यांची ही बाजू आपल्याकडे फार कमी लोकांना माहीत आहे.

ते हिटलरमुळे जर्मनी सोडून गेले का?

1929 साली गेले ते कामासाठी. रंगीत चित्रपटाच्या एका प्रक्रियेवर प्रयोग करायला अमेरिकेत संधी मिळाली होती. हिटलर सत्तेवर आला 1933 मध्ये.

मात्र पुढची हकिकत सांगायलाच हवी. फ्रॉइंड ज्यू होते. त्यांची घटस्फोटित पहिली पत्नी आणि मुलगी जर्मनीतच होत्या. 1937 साली ते परत गेले आणि मुलीला अमेरिकेला घेऊन आले. पहिली पत्नी मागे राहिली. तिला राफेन्सब्रुकच्या छळछावणीत डांबलं आणि 1942 मध्ये बेर्नबुर्ग इथल्या हत्याकेंद्रात ठार मारलं. ज्या वर्षी ते मुलीला सोडवून आणत होते त्याच वर्षी पडद्यावर 'द गुड अर्थ' आला. चीनमधल्या शेतकरी कुटुंबाच्या या चित्रपटासाठी त्यांना छायालेखनाचं ऑस्कर मिळालं. त्यातला टोळधाडीचा प्रसंग मी एरवी तंत्रासाठी दाखवते. ही तारीख कळल्यापासून नुसतं तंत्र म्हणून तो पाहणं मला जमत नाही.

'ड्रॅक्युला' खरं तर त्यांनीच दिग्दर्शित केला, असं ऐकलं आहे?

1931 च्या 'ड्रॅक्युला'चे दिग्दर्शक टॉड ब्राउनिंग, छायालेखक फ्रॉइंड. त्यातले नट डेव्हिड मॅनर्स पुढे सांगत, की सेटवर आपल्याला सूचना देणारे म्हणून फ्रॉइंडच आठवतात. एका नटाच्या आठवणीवर श्रेयनामावली बदलू नये. पण चित्रपटाची सुरुवात बघा. गढीच्या तळघरात कॅमेरा शवपेट्यांकडे हळूहळू सरकतो, ड्रॅक्युला झालेले बेला लुगोसी उभे आहेत, दोन बारीक झोत नेमके त्यांच्या डोळ्यांवर. त्यानंतर दिवाणखान्यातले प्रसंग सुरू होतात तेव्हा कॅमेरा जो खुंटीला बांधल्यासारखा होतो, तो बराच वेळ. या दोन भागांतला फरक इतका मोठा आहे, की युनिव्हर्सल स्टुडिओनं पुढच्या वर्षी फ्रॉइंडना दिग्दर्शक केलं याचं मला तरी नवल वाटत नाही.

दिग्दर्शक म्हणून त्यांनी काय वेगळं केलं?

'द ममी', डिसेंबर 1932. बोरिस कार्लॉफ नायक. जॅक पिअर्स यांनी पट्ट्या गुंडाळलेल्या ममीचा मेकअप केला, त्याला आठेक तास लागत. आता विचार करा. इतका खर्च, इतका त्रास, एवढा गाजलेला नट. कोणताही निर्माता म्हणेल, दाखवा भरपूर.

फ्रॉइंड दाखवत नाहीत. तरुण संशोधक टेबलापाशी बसून गुंडाळीवरचा मंत्र पुटपुटतो. मागे पेटीत ममी उभी. तिचे डोळे किंचित किलकिले होतात. हात हलतो. मग आपल्याला दिसतो फक्त टेबलावर आलेला एक हात. संशोधक किंचाळतो, भिंतीला टेकतो आणि हसत सुटतो, वेड लागल्यासारखा. दाराबाहेर जमिनीवरून पट्टीची दोन टोकं घसटत जातात. संपलं. पट्ट्यांतली चालती ममी सबंध चित्रपटात आपण पाहतच नाही, पुढे कार्लॉफ येतात ते सुरकुतल्या चेहऱ्याचे, फेजटोपी घातलेले इजिप्शियन गृहस्थ म्हणून.

आयुष्यभर प्रकाश टाकणाऱ्या माणसानं दिग्दर्शक झाल्यावर काय लपवायचं ते ठरवलं, हे मला फार मोठं वाटतं. त्याच चित्रपटात प्राचीन इजिप्तची पूर्वकथा तळ्याच्या पाण्यात दिसते. तिथे पात्रं बोलत नाहीत, वरून फक्त निवेदन. बोलपटाच्या पोटात घातलेला एक छोटा मूकपटच तो. या चित्रपटाचा कॅमेरा मात्र चार्ल्स स्टुमार यांच्याकडे होता, फ्रॉइंडनी स्वतःकडे ठेवला नाही.

सेटवर ते कसे वागत?

'पापा' असं त्यांना प्रेमानं म्हणत. पण 'द ममी'च्या नायिका झीटा जोहान यांच्या आठवणी कडवट आहेत. फ्रॉइंडनी आपल्याला जाणूनबुजून छळलं असं त्यांनी पुढे मुलाखतींमधून सांगितलं. कौतुक करणारे हा भाग गाळतात. मी गाळत नाही. नटांशी वागणं हा दिग्दर्शनाचा अर्धा भाग असतो, आणि तिथे ते कमी पडले असावेत असं मला वाटतं.

मग दिग्दर्शन सोडलं का? अपयश आलं म्हणून?

1932 ते 1935 या काळात त्यांनी सात-आठ चित्रपट दिग्दर्शित केले. मधले बहुतेक सामान्य, स्टुडिओनं सोपवले म्हणून केलेले. संगीतिका, हेरकथा, हलकेफुलके विनोदी चित्रपट. शेवटचा 'मॅड लव्ह', 1935. पीटर लॉरे यांचा हा पहिला अमेरिकन चित्रपट. पियानोवादकाचे हात अपघातात जातात आणि शल्यविशारद त्याला खुन्याचे हात बसवतो. हीच कथा ऑस्ट्रियात 1924 मध्ये रोबर्ट वीने यांनी मूकपटात केली होती. म्हणजे शेवटच्या दिग्दर्शनात फ्रॉइंड पुन्हा आपल्या जर्मन भाषेच्या अंगणात गेले. लॉरे यांच्या गुळगुळीत डोक्यावर आणि अर्ध्या चेहऱ्यावर पडलेल्या सावल्या पाहताना बर्लिनची आठवण येते. चित्रपट चालला नाही.

त्यानंतर त्यांनी एकही चित्रपट दिग्दर्शित केला नाही. याला अपयश म्हणायला मी तयार नाही. पुढची दोन वर्षंही उलटली नाहीत तोवर 'कॅमिल' आणि 'द गुड अर्थ'. मग 'प्राइड अँड प्रेज्युडिस', 'की लार्गो'. दिग्दर्शक होणं म्हणजे कॅमेरामनची बढती, असं मानलं तरच हे माघारी येणं वाटेल. कारकून हेडक्लार्क होतो तसा हा मामला नाही.

टीव्हीवरच्या मालिकेशी त्यांचा काय संबंध?

'आय लव्ह लूसी', ऑक्टोबर 1951 पासून. हा प्रश्न विचारणाऱ्याला बहुधा गंमत वाटत असते, पण काम अवघड होतं. सुमारे 300 प्रेक्षकांसमोर नाटकासारखा प्रयोग आणि 35 मिलिमीटरचे तीन कॅमेरे एकाच वेळी चालू. दूरच्या शॉटला एक प्रकाशयोजना लागते, क्लोजअपला दुसरी. तिन्ही शॉट एकाच क्षणी घ्यायचे तर करायचं काय? हे होणार नाही, असंच त्यांचं पहिलं म्हणणं होतं, अशी आठवण निर्माते देसी आर्नाझ यांनी सांगितली आहे. मग त्यांनीच वाट काढली. दिवे वर टांगले, जमीन ट्रॉल्यांसाठी मोकळी ठेवली, सगळीकडे सारखा, मऊ प्रकाश पसरवला. त्या काळचा टीव्ही काळ्या-पांढऱ्यातला फरक भडक करून दाखवायचा, म्हणून सेटचे रंगही करड्या छटांमध्ये बांधून घेतले. प्रेक्षकांसमोर होणारी विनोदी मालिका आजही बऱ्याच अंशी याच पद्धतीनं चित्रित होते.

जर्मन भाषेतल्या सिनेमात कॅमेऱ्याकडून दिग्दर्शनाकडे गेलेलं दुसरं कोण?

क्सावर श्वार्त्सनबेर्गर. जन्म व्हिएन्ना, 1946. जर्मन दिग्दर्शक फासबिंडर यांच्या शेवटच्या वर्षांतले छायालेखक. 'बर्लिन अलेक्झांडरप्लाट्झ' ही 1980 ची मालिका त्यांनी इतक्या काळोखात चित्रित केली, की टीव्हीवर काही दिसत नाही अशा प्रेक्षकांच्या तक्रारी आल्या. नंतर 'लोला'चे भडक रंग, आणि लगेच 'वेरोनिका फॉस'चा डोळे दिपवणारा पांढरा. या दुसऱ्या चित्रपटाला 1982 मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात सुवर्ण अस्वल हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी फासबिंडर गेले. पुढच्याच वर्षी श्वार्त्सनबेर्गर यांच्या 'डेर श्टिले ओत्सेआन' या दिग्दर्शनाला बर्लिनमध्ये रौप्य अस्वल मिळालं. मग 1985 चा 'ओटो' हा विनोदी चित्रपट, जर्मनीतल्या सर्वांत गर्दी खेचणाऱ्या चित्रपटांपैकी एक. फ्रॉइंड यांच्याशी तुलना करायची तर मोठा फरक असा, की श्वार्त्सनबेर्गर यांनी आपल्या अनेक चित्रपटांचा कॅमेरा स्वतःच सांभाळला.

आपल्या महाराष्ट्राशी यातलं काही जोडलेलं आहे का?

फ्रॉइंड यांचा थेट संबंध नाही. ओढूनताणून जोडू नये. पण त्याच जर्मन सिनेमातून आलेले योझेफ विर्शिंग मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये होते, 'अछूत कन्या'चा कॅमेरा त्यांचा. दुसरं महायुद्ध सुरू झालं तेव्हा जर्मन म्हणून त्यांना नजरकैदेत टाकलं. सुटल्यावर त्यांनी 'महल' केला, आणि 'पाकीजा'चं काम चालू असताना 1967 मध्ये ते वारले.

इकडे प्रभातचे व्ही. शांताराम 1933 मध्ये 'सैरंध्री'च्या रंगीत प्रतींसाठी जर्मनीला जाऊन आले. पुढच्या वर्षीचा 'अमृतमंथन' पाहिला की सावल्या कुठून आल्या हे सांगावं लागत नाही. त्याचे छायालेखक केशवराव धायबर, प्रभातच्या पाच संस्थापकांपैकी एक. धायबरांनीही 1936 मध्ये 'राजपूत रमणी' दिग्दर्शित केला. म्हणजे फ्रॉइंड 'मॅड लव्ह' करून दिग्दर्शन सोडत होते, त्याच सुमाराला पुण्यात आपला एक कॅमेरामन दिग्दर्शक होत होता. गोविंद निहलानी यांचं नाव तुम्हाला आठवलंच असेल. 'शांतता! कोर्ट चालू आहे'चा कॅमेरा त्यांचा, आणि 1980 चा 'आक्रोश' हे दिग्दर्शन. दोन्ही ठिकाणी लेखणी तेंडुलकरांची.

पाहायला सुरुवात कुठून करू?

'डेर लेट्झटे मान'. शक्यतो मोठ्या पडद्यावर, मोबाइलवर नको. पहिल्यांदा गोष्टीसाठी पाहा. दुसऱ्यांदा पाहताना कॅमेरा प्रत्येक वेळी कुठे उभा आहे तेवढंच बघा. मग 'द ममी'ची पहिली दहा-बारा मिनिटं. वेळ असेल तर त्यानंतर लगेच 'आय लव्ह लूसी'चा कोणताही एक भाग लावा आणि नटांच्या मागच्या भिंतीवर सावली शोधा.